न खाकरता सांगितलेलं हवामान

घरून, सोमवार, ४ जून

चि. टकळी हिस, आजीचे अनेक आशीर्वाद.

मी तुझी आजी. आठवत नसेल तर खुणा सांगते. बुटकी, समोरचा एक दात नाही, आणि तू बोलायला लागलीस तेव्हा घरात तुला पहिल्यांदा गप्प बस म्हणाली ती. आता पटली ओळख? तुझं मागचं पत्र आल्याला इतके दिवस झाले, की वरच्या मजल्यावरच्या मास्तरीणबाई ते मला पुन्हा पुन्हा वाचून दाखवून कंटाळल्या आणि आता त्यातल्या चुका काढायला लागल्या आहेत. (चुका आहेतच. – लिहिणारी)

बघ, हे असं आहे. मला अक्षर येत नाही म्हणून मी बोलते आणि त्या लिहितात. पण शाळा सुटली तरी सवय सुटत नाही. मधेच कंस करून नाक खुपसतात.

आता मुद्द्याचं. तू त्या राष्ट्रीय रेडिओवर हवामान सांगायच्या नोकरीला निघालीस, तेव्हा आपलं दोघींचं ठरलं होतं. पत्र मास्तरीणबाई वाचणार, म्हणजे त्यात पोटातलं कोण लिहिणार? म्हणून तूच म्हणालीस, की सकाळी नमस्कार म्हणायच्या आधी मी हळूच खाकरेन. खाकरले, की समज सगळं ठीक आहे. तुझे साहेब त्यावरून किती रागावले, तरी तू खाकरायचीस. मी इकडे चूल पेटवता पेटवता ऐकायची आणि मगच चहा टाकायची.

गेले कित्येक दिवस तू खाकरलेली नाहीस. मी रेडिओला कान लावून बसते, चहा राहतो बाजूला. बरं, आवाज तुझाच आहे, त्यात शंका नाही. पण टकळे, तो फार चांगला येतो. पूर्वी वारा वाढणार म्हणताना अडखळलीस, की मला कळायचं, झोप झालेली नाही. कोरडं हवामान घाईघाईने उरकलंस, की समजायचं, पोरगी उपाशी बसली आहे. आता सर्दी नाही, जांभई नाही, घाई नाही. इतकी चांगली तू कधीच नव्हतीस. म्हणून माझा जीव थाऱ्यावर नाही.

तुमच्या केंद्रात कामांना काय तोटा? शेतीचं सांगता, मुलांचे धडे घेता, होड्यांना समुद्राचा राग-लोभ कळवता, हरवलेल्या माणसांच्या बातम्या देता. तर हरवलेल्या नातीची बातमी कितव्या वेळेला असते, तेवढं कळव. तुझं ठीक आहे की नाही? एवढंच विचारते आहे.

माया आहे तिथेच आहे, तू मात्र आहेस तिथे आहेस का, ते बघ.

तुझी आजी (अंगठा)


मंगळवार, १२ जून

ती. आजीस, सा. न. वि. वि.

तुझं पत्र वाचून जेवणाच्या सुट्टीत एकटीच हसत बसले. सगळे बघत होते. आजी, माझं सगळं ठीक आहे. काम वाढलंय म्हणून पत्र राहिलं, त्याबद्दल कान पकडते. मास्तरीणबाईंनी चुका वहीत उतरवून ठेवाव्यात, मी आले की उठाबशा काढीन.

खाकरण्याचं म्हणशील तर मी खाकरते गं. तुझा रेडिओ माझ्यापेक्षा वयाने मोठा आहे, त्याला बारीकसारीक ऐकू येत नसेल. सेल बदलून बघ. नाहीतर असं कर, आमच्या केंद्राने आता टेलिफोनवर हवामान सुरू केलंय. रेडिओवर नंबर सांगतात. मास्तरीणबाईंना तो फिरवायला सांग. दिवसभरात कधीही लाव, माझाच आवाज येईल, आणि अगदी स्वच्छ येईल.

गुडघ्याला तेल लावतेस ना? जिना उगाच चढू नकोस. मास्तरीणबाईंना नमस्कार.

असाच लोभ ठेव, रागातला असला तरी चालेल.

तुझी,
टकळी


घरून, बुधवार, २० जून

चि. टकळी हिस, आशीर्वाद. मागच्यापेक्षा थोडे कमी.

सेल बदलले. काही फरक नाही. मग मास्तरीणबाईंनी टेलिफोन लावून दिला. पलीकडे तू. माझा जीव भांड्यात पडला. मी म्हटलं, पोरी, जेवलीस का? तू म्हणालीस, वायव्येकडून मध्यम वारे वाहतील. मी म्हटलं, वाहू देत, तू जेवलीस का? तर तू म्हणालीस, दुपारनंतर अंशतः ढगाळ. मला वाटलं, शेजारी साहेब उभे असतील, मोकळं बोलता येत नसेल. म्हणून मी आवाज बारीक करून म्हटलं, ठीक असलीस तर नुसती खाकर, बाकी मी समजून घेईन. तू खाकरली तर नाहीसच, उलट म्हणालीस की पुन्हा ऐकायचं असेल तर एक दाबा. मी एक दाबला. आता बोलेल म्हटलं, तर तेच वायव्येचं गुऱ्हाळ पहिल्यापासून! आणि शेवटी मला धन्यवाद म्हणून फोन बंद केलास. सख्ख्या आजीला धन्यवाद! दाराशी आलेल्या माणसाला म्हणतात तसा!

मास्तरीणबाई म्हणाल्या, अहो, तो आधी भरून ठेवलेला आवाज असतो. मी म्हटलं, बरं, भरलेला असेल. मग त्या भरलेल्या आवाजाला आजचं हवामान कसं ठाऊक? लोणच्याच्या बरणीला आज पाहुणे येणार हे कळतं का? यावर त्यांना उत्तर सुचलं नाही. (अजून सुचलेलं नाही. – लिहिणारी)

आणि परवाचं ऐक. इथे असा पाऊस झाला की गल्लीतून पाणी वाहत होतं, समोरच्या शिंप्याच्या दुकानाचा पत्रा उडून आपल्या पायरीशी आला. तू रेडिओवर मुसळधार पाऊस म्हणालीस, ते आदल्या दिवशी आकाश निरभ्र म्हणालीस अगदी तसंच. अगं, लहानपणी ढग गडगडला की माझ्या पदरात शिरणारी तू. मुसळधार म्हणताना तुझा आवाज एवढासुद्धा हलला नाही?

माझं डोकं चालेनासं झालंय. एक टकळी पत्रात आहे, एक रेडिओत, एक टेलिफोनात. पत्रातली म्हणते मी खाकरते, रेडिओतली खाकरत नाही, टेलिफोनातली तर ओळखच दाखवत नाही. यातली माझी कुठली? आजारी आहेस का? कुणी काही बोललं का? नोकरी आहे ना?

खरं काय ते कळव. नाहीतर मी गाडीत बसून निघते. स्टेशनावरच्या पाट्या मला वाचता येत नाहीत, म्हणजे भलत्याच गावी उतरेन आणि भलत्याच कुणाची तरी आजी होऊन बसेन. मग तू रेडिओवर देत बस बातमी.

लोभ आहे, पण तुझं उत्तर येईपर्यंत मुठीत धरून ठेवते.

आजी (अंगठा)


सोमवार, २५ जून

ती. आजीस, सा. न. वि. वि.

मास्तरीणबाई, हे पत्र वाचताना काही गाळू नका आणि गोडही करू नका.

आजी, मी खोटं लिहिलं. मी खाकरत नाही, कारण मी तिथे बसतच नाही.

उन्हाळ्यात साहेबांनी मला काचेच्या खोलीत बसवून शब्द वाचून घेतले. वारा, पाऊस, ढग, आठही दिशा, सगळे आकडे. एकेक शब्द सुटा. मला वाटलं, टेलिफोनच्या सेवेसाठी आहे. त्यासाठीच होतं. मग त्यांच्या लक्षात आलं, की यंत्राला रोजचं हवामान दिलं की ते माझे सुटे शब्द हवे तसे ओवतं, आणि रेडिओलाही तेच चालतं. मग सकाळी माणूस कशाला? तुझ्या बरणीला आजचं हवामान कळतं ते असं. मुसळधार हा शब्द मी कडक उन्हाच्या दुपारी वाचला होता, तो हलणार कसा? माझी जागा मीच घेतली, असं म्हणायचं.

मला काढलं नाही. पगार तोच आहे. तळघरात, टीव्हीच्या विभागात पाठवलंय. टीव्हीवर माणसं बोलतात ते खाली ओळींत लिहून येतं ना, ते लिहायचं. ज्यांना ऐकू येत नाही त्यांच्यासाठी. खोलीला खिडकी नाही, कानांवर दिवसभर ऐकायचा हेडफोन असतो, मोठा चष्मा उलटा घातल्यासारखा. कुणाशी बोलायचं नाही, नुसतं ऐकायचं आणि लिहायचं. टकळीला शिक्षाच म्हण.

तुला सांगणार कशी? सकाळी गल्लीतले सगळे रेडिओ मोठे करतात आणि तू दारात उभी राहून जणू तूच बोलते आहेस अशी बघतेस, हे मला माहीत आहे. आता मी जे करते ते सगळं अक्षरांत असतं. त्यातलं तुझ्यापर्यंत एक अक्षर पोचत नाही. मग मी हे कुणासाठी करते, असं वाटतं. राजीनामा द्यावा आणि घरी यावं, असं मनात पक्कं होत आलंय. साहेबांना महिनाअखेर सांगायचं आहे. तू ये म्हणालीस तर येते.

रागावलीस तर पत्रातच राग. टेलिफोनवर त्या बाईवर काढू नकोस, तिला काही कळत नाही.

लोभ मुठीतून थोडा सोड.

तुझी,
टकळी


घरून, गुरुवार, २८ जून

चि. टकळी हिस, अनेक आशीर्वाद. या वेळी पुरेपूर.

मास्तरीणबाईंनी काही गाळलं नाही. वाचून झाल्यावर मी रडून घेतलं आणि मग रागावले. नातीचा गळा वर ठेवून घेतला आणि नातीला तळघरात धाडली, ही कुठली रीत? कोंबडी सोडून दिली आणि आरवणं ठेवून घेतलं! कोंबडी आरवत नाही, हे मास्तरीणबाईंनी सांगितलं. नाही तर नाही. राग खराच आहे. आणि त्याहून जास्त राग तुझा. ठीक नसलीस तर न खाकरून कळवायचं एवढंच ठरलं होतं, वर पत्रात खोटं लिहायचं नव्हतं ठरलं.

तुला ये म्हणणार होते. मास्तरीणबाईंना तसं लिहाही म्हटलं. तर त्यांनी पेन खाली ठेवलं आणि म्हणाल्या, आधी वर चला, मग सांगा काय लिहू ते. गुडघ्याला हात लावून जिना चढले. तू ओरडू नकोस.

त्यांच्या खोलीत टीव्ही लागलेला. संध्याकाळची ती मालिका, सासू-सुनेची, त्यात सगळ्या एकमेकींवर डोळे काढत होत्या आणि आवाज अगदी नाही. मी म्हटलं, आवाज मोठा करा. तर म्हणाल्या, मोठाच आहे की.

टकळे, बाईंना ऐकू येत नाही गं. एक कान केव्हाच गेला, दुसरा निघाला आहे. मी बोलते तेव्हा त्या टक लावून माझ्या तोंडाकडे बघायच्या, मला वाटायचं, पडलेल्या दाताची मोजदाद चालली आहे. त्या ओठ वाचत होत्या. शाळेची बाई, कुणाला सांगायची लाज वाटली. (हे लिहायचं नव्हतं. तुझ्या आजीने शेजारी बसून लिहायला लावलं. – लिहिणारी)

त्या टीव्ही बघतात तो तुझ्या ओळींवर. आणि त्या काय म्हणाल्या, ऐक. पूर्वी कुणी दाराबाहेर चालत आलं, की कंसात नुसतं पावलांचा आवाज असं लिहून यायचं. गेले काही दिवस कुणीतरी वेगळं लिहितंय म्हणाल्या. कुणाची पावलं जड आहेत, कुणाची दबकी, कोण चप्पल घासत येतंय. परवा सून रडत होती, तर खाली आलं, शेजारच्या खोलीत कुणीतरी ऐकू न देता रडतं आहे. बाई म्हणाल्या, मला कित्येक वर्षांनी पुन्हा ऐकू आल्यासारखं वाटलं. हे कोण लिहितं, त्यांना ठाऊक नव्हतं. तुझं पत्र वाचताना कळलं. मला सगळं वाचून दाखवेपर्यंत त्यांनी तसं दाखवलं नाही, एवढ्या त्या पक्क्या.

मग आवाज मोठा करून आम्ही दोघी बसलो. टीव्हीतली माणसं बोलतात, ते तू ऐकून लिहितेस, ते बाई वाचून मोठ्याने म्हणतात, ते मी ऐकते. एका शब्दाने केवढं हे गाव हिंडायचं! मी म्हटलं, मला टीव्हीतलं थेट ऐकू येतं की, मग मधे एवढी माणसं कशाला? पण थोड्या वेळाने मीच आवाज बंद करायला सांगितला. नुसत्या बाईंच्या तोंडून तुझ्या ओळी ऐकल्या. बाई मास्तरणीसारख्या वाचतात, सून असो की सासू, सगळ्या पाढे म्हटल्यासारख्या बोलतात. तरी कंसातलं वाचलं की मला तू दिसतेस. हे कसं होतं, मला विचारू नकोस. मला अजून काही नीट उमगलेलं नाही.

पण एवढं उमगलं, की राजीनामा द्यायचा नाही. साहेबांना सांग, राहते. खिडकी मात्र मागून घे, मिळो न मिळो. सुट्टी घेऊन ये, चार दिवस राहा, बोलून बोलून माझं डोकं उठव आणि परत जा. इकडे कुणीतरी वर बसलं आहे जिना चढून, तुझ्या ओळींची वाट बघत. आता दोघी आहोत.

सकाळचं हवामान मी बंद केलं. दारात उभी राहून वर बघते. माझा अंदाज चुकतो, पण तुझ्या त्या यंत्रातल्या बाईचाही चुकतोच.

आमच्यावर लक्ष असू दे, आमचं तुझ्या ओळींवर आहे.

आणि खाऊ पाठवतेस तो पाठव, पण शेंगदाणे आणि कडक टोस्ट नकोत. बाई चावायला लागल्या की वाचायच्या थांबतात, तेवढ्यात तुझी ओळ निघून जाते आणि ती काही परत येत नाही. खजूर पाठव. बिया काढून.

तुझी आजी (अंगठा)