माग बंद पडल्यावर ऐकू आलेलं वाक्य

लिंबायत, सुरत
३ मार्च १९९७

ती. अक्कास,
उज्ज्वलाचा सा. न. वि. वि.

आपल्या भूपेंद्रने कारखान्यात एक वाक्य मोठ्याने म्हटलं आणि ते त्याच्या थोरल्या कविताला लागलं, म्हणून हे पत्र लिहावं लागत आहे. शोभाने तुला कळवू नको म्हणून सांगितलं होतं. मी ऐकलं नाही.

एका वस्तूला दुसरी म्हणू नये, माणसाला तर मुळीच नाही. म्हटलं आणि कुणाच्या कानावर पडलं की ते तसं होतं. हे मी तिसरीच्या वर्गाला दरवर्षी शिकवते, आणि माझ्याच भावाला समजलं नाही. पण त्याची बाजूही सांगते. इथे सगळे पुरुष मनात येईल ते कारखान्यात बोलून घेतात. इतके माग चालू असतात की शेजारच्याचंही ऐकू येत नाही, आणि ऐकलं नाही तर बोल लागत नाही. मुकादमाला काय काय म्हणतात, विचारू नकोस. नवरा चिडला तर बायकासुद्धा म्हणतात, जा, कारखान्यात जाऊन बोला. त्यामुळे लिंबायत-भेस्तानची घरं आजवर सुखरूप राहिली.

कविताचं लग्न ठरलं, म्हणून भूपेंद्र शेजारच्या मागावरच्या भगवानला ओरडून सांगत होता की पोरगी आता आमच्या घरात पाहुणीच. त्याच क्षणी लाइट गेली. सगळे माग थांबले आणि शेवटचे शब्द भगवानने ऐकले. दाराशी बसलेल्या उखा पहारेकऱ्यानेही ऐकले. भूपेंद्र पाळी सोडून घरी धावला. कविता खाटेच्या कडेवर, पाय जुळवून बसली होती. तिने शोभाला विचारलं होतं की हात धुवायला कुठे जायचं. त्या घरात ती एकोणीस वर्षं राहिली आहे.

ती सगळ्यांना ओळखते. हे वडील, ही आई, ही धाकटी बहीण मनीषा, सगळं ठाऊक आहे. पण आईला, शोभाला, ‘तुम्ही’ म्हणते. जेवताना दुसरी भाकरी आग्रहाशिवाय घेत नाही. संध्याकाळ झाली की निघू का म्हणून विचारते, आणि शोभाने राहा म्हटलं की तुम्हाला त्रास नको म्हणते.

तुला काही सुचत असेल तर लगेच लिही. गुडघ्याची काळजी घे, प्लास्टर ओलं करू नकोस. तुझा लोभ आहे तसा राहू दे.

तुझी,
उज्ज्वला


अमळनेर
९ मार्च १९९७

चि. उज्ज्वलास,
अनेक आशीर्वाद.

पत्र वाचून बसले ती संध्याकाळपर्यंत उठले नाही. भूपेंद्रला सांग, लहानपणी मी त्याला दोनदा थापड मारली होती, तिसरी उरली आहे. पण आता रागावून काय होणार? तो जेवतो का, ते आधी कळव.

मला वाटतं, त्याने कविताला समोर बसवून तीच या घराची मालकीण आहे असं म्हणावं. चार माणसांनी ऐकावं. म्हणजे पहिला बोल पुसला जाईल. नाहीतर तिला कामाला लाव. पाहुणीला कुणी भांडी घासायला लावत नाही.

शोभाला एक सांगशील? मी इतकी वर्षं तुमच्याकडे सुरतेला येते. तांब्या समोर असला तरी पाणी मागून पिते. मला तर कुणी काही म्हटलं नव्हतं. तिला हे वाचून बरं वाटेल की वाईट, ते मला ठरवता येईना. तू शिकलेली आहेस, तूच ठरव.

सर्वांना आशीर्वाद. असंच सगळं मला सांगत जा.

अक्का (अनुसया)


लिंबायत, सुरत
२८ मार्च १९९७

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

तुझा पहिला उपाय मी करू दिला नाही. आमच्या गल्लीतल्या पुष्पाबाई रागाच्या भरात नवऱ्याला रेडिओ म्हणाल्या होत्या. तेव्हापासून रोज सकाळी त्याच्या तोंडून बाजारभाव येतात. तो बोल पुसायला सासूने त्याला गरीब गाय म्हटलं. आता तो बाजारभाव सांगतो आणि मेथीची जुडी कच्ची खातो. दुसऱ्या बोलाने पहिला जात नाही, दोन्ही राहतात. कविता मालकीण होऊन पाहुणीही राहिली, तर शोभाने कुठे जायचं?

दुसरा उपाय केला. कविताने सगळ्यांच्या भाकरी केल्या, पूर्वीसारख्याच पातळ. मग हात धुऊन शोभाला म्हणाली, तुम्हाला तेवढीच मदत झाली. शोभा मोरीत जाऊन रडली. मनीषा कंगवा घेऊन वेणीसाठी बसली, तेव्हा कविताने तिला तुझी आई घालून देत नाही का, असं विचारलं. मनीषाने स्वतःच वाकडी वेणी घातली.

मी कोसाडला नवऱ्या मुलाकडे जाऊन आले. लपवून लग्न लावणं मला मान्य नाही. महेश मुलगा चांगला आहे, तो खाली बघून ऐकत होता. त्याची आई शांताबाई हसली. म्हणाली, आमच्या घरात आल्यावरही अशीच राहील का तेवढं सांगा. मी म्हटलं, नाही, बोल भूपेंद्रच्या घरापुरता आहे. मग म्हणाली, मास्तरीणबाई, तुम्ही रडता कशाला? सगळ्याच मुली अशा होतात, तुमची दोन महिने आधी झाली. अक्का, मी बी.ए. झाले, तीस वर्षं मुलांना उत्तरं द्यायला शिकवलं. तिथून मात्र नुसता चहा पिऊन परत आले.

शोभाला तुझं पाण्याचं सांगितलं. तिने तांब्या उचलून आत ठेवला, मग परत बाहेर आणून ठेवला. भूपेंद्र जेवतो. बोलत मात्र नाही, कारखान्यातसुद्धा नाही. भगवान म्हणतो, माग चालू असताना आम्ही सगळे ओरडत असतो आणि हा तोंड मिटून उभा असतो.

माझ्याकडे उपाय नाही. तुझ्याकडे असेल तर कळव. मनात आम्हाला धरून ठेव.

उज्ज्वला


लिंबायत, सुरत
१२ मे १९९७

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

लग्न काल पार पडलं. तू नव्हतीस, सगळ्यांनी चौकशी केली. वरण थोडं खारट झालं, बाकी नाव ठेवायला जागा नव्हती.

पाठवणीच्या वेळी बायका पदर हातात घेऊन उभ्या होत्या. कविता रडेल, निदान या वेळी रडेल, असं शोभाला वाटत होतं. मलाही वाटत होतं. कविताने शोभाला वाकून नमस्कार केला आणि म्हणाली, तुम्ही माझं फार केलंत, काही कमी पडू दिलं नाहीत. मग भूपेंद्रला म्हणाली, आता तुम्ही सगळे एकदा आमच्याकडे या. भूपेंद्रने दोन महिन्यांनी तोंड उघडलं. येऊ, एवढंच म्हणाला. त्याला आणखी बोलायचं होतं, पण आजूबाजूला शांतता होती आणि सगळे ऐकत होते, म्हणून त्याने ओठ मिटले.

रिक्षा वळल्यावर शोभा घरात गेली आणि तिने खाटेवरची चादर बदलली.

अक्का, प्लास्टर निघालं की इकडे ये. आल्यावर पाणी स्वतः घे, एवढं माझ्यासाठी कर. तुझ्या मायेची मला गरज आहे.

तुझी,
उज्ज्वला

ता. क. काय दिलं-घेतलं ते तू विचारलं होतंस. आम्ही कविताला दिलं: ओटीत तांदूळ, नारळ, खण, तू पाठवलेली हिरवी साडी, शोभाची पितळी परात, माझ्याकडून घड्याळ. कविताने आम्हाला दिलं: निघताना, पाहुणे घरातल्या मुलांच्या हातावर ठेवतात तशी, मनीषाच्या हातावर दहा रुपयांची नोट.