घाटाची हजेरी

२ डिसेंबर, मंगळवार. अकोला

दुपारी प्रज्ञाचा फोन. आठवा लागला आणि डॉक्टरनं तिले प्रवास बंद सांगतला. बाळाची वार खाली आहे म्हणे. म्हणजे बाळंतपण इथं नाही, तिकडंच, दापोलीले. "आई, मग तूच ये," असं एवढ्या सहज म्हणाली, जशी मी शेजारच्या गल्लीत राहते.

येते ना, म्हटलं. फोन ठेवला आणि तिथंच खाली बसली.

पहिलं बाळंतपण माहेरी. लेकीले येता येत नसलं तर माहेरानं उठून जावं, यात विचार करण्यासारखं काही नाही. पलंगसुद्धा उन्हाच्या बाजूले सरकवून ठेवला होता मी. हे असते तर हसले असते.

रेल्वेची भीती नाही. अकोल्याहून खेडपर्यंत डोळे मिटून जाईन. पण खेड ते दापोली रस्ता आहे, आणि जावई मागं हौसेनं सांगत होते, आई, नुसता घाट, नुसती वळणं, मजा येते. मजा.

संध्याकाळी प्रज्ञाले मेसेज टाकला, गुडघा लय दुखून राहिला, पाहू. साफ खोटं. गुडघे माझे ठणठणीत आहेत.

४ डिसें., गुरुवार

झोप नाही. लिहूनच टाकते एकदा.

सहा वर्षं झाली. निवडणूक ड्युटी, चिखलदऱ्याच्याही पुढचं गाव. आमी पाच जण जीपमध्ये, मशीनच्या पेट्या मांडीवर. चिखलदऱ्याच्या घाटातच जीप बंद पडली, मागं घसरली आणि कठड्याले जाऊन टेकली. मागचं एक चाक कठडा फोडून बाहेर. अर्धा तास कोणी हललं नाही. मी खाली पाहिलं. पाहायले नको होतं.

कोणाले खरचटलंही नाही. म्हणून कोणाले सांगतलंही नाही. पण तेव्हापासून घाट म्हटला की नको. परतवाड्याच्या पुढं पाय ठेवला नाही. फक्त ताईले माहीत आहे. ताई म्हणजे माझी मोठी नणंद, वरूडची, संत्र्याच्या बगीच्याची मालकीण आणि बाकी सगळ्यांचीही.

६ डिसें., शनि.

सकाळी पुतळ्याजवळ जाऊन मेणबत्ती लावून आली. पांढरी साडी. गर्दी होती तरी शांत वाटलं. बाबासाहेबांपुढं उभं राहून मनात म्हटलं, चौतीस वर्षं शाळेत पोराइले सांगत राहिली, भ्यायचं नाही, आणि आपण हे असं.

घरी आली तं ताईचा फोन. प्रज्ञानं तिले विचारलं होतं, आईच्या गुडघ्याले खरंच काय झालं. ताईनं माझी बिनपाण्यानं केली. "इतलुशा भीतीपायी लेकीले खोटं बोलते काय वो सुमन? लाज नाही वाटत?" मग तिनंच ठरवलं. पुढच्या रविवारी परतवाड्याहून स्पेशल गाडी. फक्त आमी दोघी. रऊफभाऊ म्हणून कोणी आहे, तीस वर्षं चिखलदऱ्याचा घाट चढून राहिला, गाडीही चालवते, सगळे पॉइंटही दाखवते. एक दिवसाची सहल. इथला घाट जमला तर तिथला जमेल, असा ताईचा हिशोब.

आणि नाही जमला तर, विचारलं. तर म्हणे, मग विहीणबाई करतील तुझ्या लेकीचं बाळंतपण, तू बस इथं गुडघे धरून.

झोंबलं.

१३ डिसें., शनि.

ताई एक दिवस आधीच आली, मी पळून जाईन म्हणून. सोबत संत्र्यांची पिशवी. साल नाकाशी धरली की गाडी लागत नाही म्हणे. मले गाडी लागत नाही, मले घाट लागते, हे तिले समजावता समजावता माझा आवाज बसला.

१४ डिसें., रविवार. रात्री ९, घरी

आली परत. जिवंत. आधी हेच लिहिते.

पहाटे ताईनं पातोड्या केल्या. उपाशी पोटी घराबाहेर पाऊल टाकू देणार नाही, हा आमच्याकडचा कायदाच. पातोड्यांचा रस्सा, दोन भाकरी, वरून वाटीभर दही. नको नको म्हणत असताना आणखी अर्धी भाकरी. ही चूक. हे पुढं कळलं.

साडेसहाची एस.टी., दहाच्या आत परतवाडा. स्टँडबाहेर रऊफभाऊ पांढऱ्या गाडीजवळ उभे. साठीचे असतील, दाढी मेंदीची, गळ्यात मफलर. ताईनं माझ्यादेखतच सगळं सांगून टाकलं, जीप, कठडा, सगळं. मले मेल्यासारखं झालं. ते हसले नाहीत. फक्त विचारलं, मॅडम पुढं बसतील का मागं. मी म्हटलं मागं. ते म्हणाले, पुढं बसा.

सपाट रस्ता होता तोवर रऊफभाऊ बोलत राहिले. हे अमक्याचं शेत, इथं मागच्या साली अस्वल दिसलं, हा साग कोणी लावला. मी हो हो करत होती आणि समोर डोंगर मोठा होऊन राहिला होता.

घाट लागला. पहिलं वळण, दुसरं. तिसऱ्याले पातोड्या बाहेर. दही, भाकरी, सगळं. रस्त्याच्या कडेले उकिडवी बसून ओकली, ताई पाठीवर हात फिरवून राहिली आणि मीच जास्त खाऊ घातलं असं स्वतःलेच बोलून राहिली. मी म्हटलं, परत चला. मले नाही जमत. प्रज्ञाले मी खरं सांगून टाकेन.

रऊफभाऊंनी पाण्याची बाटली दिली. म्हणाले, "मॅडम, इथं गाडी पलटवाले जागा नाही. आता वरच जा लागते. मोड मोजत चला फक्त, मी भोंगा देतो."

खरंच जागा नव्हती का, मले अजूनही शंका आहे.

बसली. डोळे मिटून मोजायले लागली. एक, दोन, तीन. आणि काय झालं कोणाले माहीत, आकड्यांबरोबर नावं यायले लागली. माझी पहिली शाळा, तेल्हाऱ्याजवळची, चौथीचा वर्ग, त्रेचाळीस पोरं. रोज सकाळी जी हजेरी घ्यायची तीच तोंडात आली. अनंता गवई. बेबी इंगळे. दिगंबर सरदार. वळण आलं की नाव. मोठ्यानं. वर्गात घेत होती तशी.

पाचव्या वळणाले रऊफभाऊंनी भोंगा दिला आणि म्हणाले, हजर.

मी डोळे उघडले. ते रस्त्याकडं पाहून राहिले होते, एकदम गंभीर. पुढच्या वळणाले पुन्हा. गंगूबाई तायडे. भोंगा. हजर. मागून ताईही सुरू झाली. दोघं मिळून हजर, हजर. एक मोटरसायकलवाला वळून पाहत गेला, त्याले वाटलं असेल गाडीत भजन सुरू आहे. मले हसू आलं. घाटात. मले.

एकोणीस नंबरले मी थांबली. तो कठडा. नवा बांधला आहे, पांढरा-काळा, पण मागचं आंब्याचं झाड तेच. नाव तोंडातून निघेना. एकोणीस म्हणजे वच्छला. वच्छलाचंच नाव घ्यायचं होतं, एवढंच. रऊफभाऊंनी भोंगा दिला. कोणी बोललं नाही. ताईही नाही, तिले कळलं होतं.

त्यांनी गाडी थोडी पुढं नेऊन रुंद जागेवर लावली. मी दार उघडून उतरली आणि चालत मागं गेली. ताई येत होती, तिले नको म्हटलं. कठड्यावर हात ठेवला. उन्हानं गरम झाला होता. खाली पाहिलं. झाडी, दूर एक शेत, शेतात कोणी बाई तूर पाहत फिरत होती. बस. एवढंच होतं खाली. सहा वर्षं मी त्याले काय काय समजत होती.

रडली थोडी. मग गाडीत बसून म्हटलं, वच्छला. दोघं म्हणाले, हजर.

चिखलदऱ्यापर्यंत वर्ग पुरला, उलट चार पोरं उरली. रऊफभाऊ म्हणे, उरल्यांले वर फिरवू. देवी पॉइंट पाहिला, गाविलगडाच्या दरवाजापर्यंत गेलो, दरीच्या काठावर उभं राहून गरम कॉफी प्यायली. कॉफी तिथलीच, डोंगरातली. हवा अशी की मफलर असता तर बरं झालं असतं. ताईनं संत्री सोलली तर माकडानं पिशवीच नेली. ताई त्याच्या मागं धावली, चौसष्ट वर्षांची बाई. मी आणि रऊफभाऊ पोट धरून हसलो. इतकं हसली नव्हती मी, हे गेल्यापासून.

रऊफभाऊ हजेरीवरून बोलले नाहीत काही. फक्त निघताना म्हणाले की त्यांच्या गाडीत लोक घाटात कलमा म्हणतात, हनुमान चालिसा म्हणतात, कोणी शिव्या देते. हजेरी पहिल्यांदाच ऐकली.

उतरताना उलटी हजेरी घ्यायची ठरली होती, त्रेचाळीसपासून एकपर्यंत. पस्तीसच्या आसपास मले झोप लागली. घाटात झोप! जागी झाली तं परतवाड्याचं स्टँड.

१५ डिसें., सोम.

ताईनं आगाऊपणा केला. उतरताना माझा व्हिडिओ काढला, तोंड उघडं टाकून झोपलेली, मागं वळणं दिसतात, आणि रऊफभाऊंचा आवाज, मॅडम झोपल्या, आता आस्ते. तो प्रज्ञाले पाठवला. खाली लिहिलं, तुझ्या आईचा गुडघा.

सकाळी प्रज्ञाचा फोन. आधी हसत होती, मग रडायले लागली. मी सगळं सांगतलं. कठडा, पेट्या, सगळं. मग ती म्हणाली, "आई, मले वाटलं तुले माझ्याकडं यायचंच नाही." हे तिनं मनात धरून ठेवलं होतं. म्हटलं, अगं वेडे.

चुकलं माझं. भीती सांगायची लाज वाटली आणि लेकीनं भलताच समज करून घेतला. आता मोकळं वाटून राहिलं. तिकीट काढायले सांगतलं.

२० डिसें., शनि.

जावयांनी खेड ते दापोली वळणं मोजली. येता-जाता दोनदा मोजली म्हणे, दोन्ही वेळा वेगळी आली, मग तिसऱ्यांदा. अठ्ठ्याण्णव. प्रज्ञानं आकडा पाठवला आणि खाली, पोरं पुरतील का मॅडम?

त्रेचाळीस तर आहेत. बाकीची जमवा लागतील.

२३ डिसें., मंगळ.

हजेरीपट शाळेतच राहतात, आणता येत नाहीत. आठवून आठवून या वहीच्या मागच्या पानावर लिहून राहिली. नंतरच्या शाळेचा वर्ग, सत्तावीस निघाले. मग अडली. दिगंबरले फोन लावला, पहिल्या वर्गातला तिसरा नंबर, आता तेल्हाऱ्यात बियाण्याचं दुकान आहे त्याचं, पन्नाशीले आला. काहून पाहिजे मॅडम, विचारलं. सांगतलं. तो हसेल वाटलं होतं. दुकानात गिऱ्हाईक असताना त्यानं त्याच्या धाकट्या भावाचा अख्खा वर्ग पाठ म्हणून दाखवला.

शेवटी म्हणाला, मॅडम, माझं नाव कुठल्या वळणाले आहे? तिसऱ्याले, म्हटलं. म्हणे, बरं, तिथं गाडी सांभाळून.

४ जाने., रवि.

डिंकाचे लाडू झाले. मेथीचे झाले. जुन्या सुती साड्यांची दुपटी, बारा. ताई येऊन बसली आहे आणि प्रत्येक लाडू हातात घेऊन छोटा झाला म्हणून सांगते.

नावं सत्त्याण्णव झाली. एक कमी. ताई म्हणे, माझं टाक. म्हटलं, तुमी शाळेत कितीक दिवस गेल्या होत्या? तीन, म्हणे, पण तिन्ही दिवस हजर होती.

६ जाने., मंगळ.

प्रज्ञाले दवाखान्यात भरती केलं, जपून राहावं म्हणून. घाबरायचं नाही म्हणतात. उद्याच निघते. ताई स्टेशनवर येते, पुढं मी एकटी. एकटी जाते हे मीच म्हटलं.

निघताना ताईले काही खाऊ घालू देणार नाही, ठरवलं आहे.

८ जाने., गुरुवार. खेड स्टेशन, बाहेरच्या बाकावर

उतरली. दमट हवा, नारळ, माती लाल. आपल्या काळ्या मातीची सवय, नजर ठरत नाही.

जावई दवाखान्यातच आहेत. त्यांनी फोनवर सांगतलं, आज संध्याकाळपर्यंत होईल असं डॉक्टर म्हणतात, आई तुम्ही सावकाश या. सावकाश कशी येऊ?

गाडी पाठवली आहे. ड्रायव्हर इथलाच, तरणा माणूस, काकी म्हणते. त्याले समजावून सांगतलं, मी नाव घेईन, तुम्ही भोंगा द्यायचा आणि हजर म्हणायचं. त्यानं दोनदा विचारलं, नक्की? मग हो म्हणाला. इथले लोक ऐकतात.

वही मांडीवर आहे. भीती आहे, नाही असं नाही. पण सकाळपासून काही खाल्लं नाही आणि एका हातात ताईचं संत्र्याचं साल आहे, वाळलेलं.

ताईचं नाव खोडलं आत्ता. ती रागावेल, रागावू दे. अठ्ठ्याण्णव नंबरची ओळ कोरी ठेवली. तिथवर पोचेपर्यंत बाळ झाल्याचा फोन आला तर ठीक, नाही आला तर त्या वळणाले नुसता भोंगा देऊ.

सामान ठेवलं त्यानं. पुढं बसते.