इसोनोची शेवटची फुंकर

कावासाकी,
१८ जानेवारी

चि. सत्यजितला ताईचे आशीर्वाद.

आम्ही बरे आहोत. पार्थला मराठीत विचारलं की जपानीत उत्तर देतो, वर माझेच उच्चार सुधारतो. आईच्या श्वासाच्या मशीनचं डॉक्टरांना काय सांगायचं म्हणून तुझे फोन येतायत, कळतंय मला. उचलला असता तर रडत बसले असते. म्हणून कागदावर लिहून फोटो पाठवतेय. आधी माझ्या बाइतोचं, इथल्या अर्धवेळ नोकरीचं, ऐक.

मी पार्ट-टाइम जाते ते एका काच कंपनीचं छोटं संग्रहालय आहे. जुना मालक इसोनो. आधी लोखंड ओतायचा, भाताची भांडी, मग जहाजांचे कंदील. कंदिलांची काच परदेशातून यायची ती वाटेत फुटायची, म्हणून गड्याने स्वतःच काचेची भट्टी घातली. छप्पर जळालं, एक डोळा गेला, तरी हटला नाही. नवी भट्टी पेटली की काचेचा पहिला गोळा नळीने स्वतः फुंकायचा, हा त्याचा नेम.

अंथरुणाला खिळला तेव्हा मुलाने नवी भट्टी पेटवली, आणि नेम मोडू नये म्हणून बापाला खुर्चीसकट उचलून आणलं. तो नको नको म्हणत होता. तरी नळी तोंडात दिली. त्याने फुंकलं, आणि परत श्वास घेतलाच नाही. मुलाने गोळ्याचं तोंड वितळवून बंद केलं. तो गोळा आमच्या संग्रहालयाच्या कपाटात होता.

सत्यजित, त्याला रोज आतून वाफ धरायची. मी पहिल्या दिवशी बाहेरून पुसत बसले वेड्यासारखी. वाफ धरायची, निवळायची, परत धरायची. तिथल्या जुन्या ओकुमुरा-सानना विचारलं, तर शांतपणे म्हणाल्या, "कस्तुरी-सान, मालकांना जाऊ द्यायला घरच्यांचं मन होत नाही हो."

आईच्या नळीलाही तशीच वाफ धरते. तू व्हिडिओवर दाखवलंस तेव्हा मी म्हणाले, बघ, श्वास घेतेय ती. मला नळ्या लावू नका, हे तिने आपल्या दोघांनाही बजावलं होतं. थांबूया, थांबूया, हे मीच म्हणत आलेय.

काल सकाळी गोळा पुसायला उचलला. हातातून निसटला, असं ऑफिसात सांगितलंय. मी सोडला. फुटल्याचा आवाज बेताचाच झाला, पण माझ्या मनगटावर कुणीतरी लांब सुस्कारा टाकला. उबदार, कोळशाच्या वासाचा. ओकुमुरा-साननी काचा वेगळ्या पिशवीत भरल्या, आणि दाराकडे वळून कमरेत वाकून नमस्कार केला. दारात कुणी नव्हतं.

मशीन काढायला डॉक्टरांना हो सांग. माझी सही लागली तर लगेच पाठवते. त्या वेळी मला फोनवर घे आणि फोन तिच्या कानाशी धर.

आणि खोलीचं दार तेवढं उघडं ठेव.

तुझी,
कस्तुरीताई