लेम्मेन नदीचं सोनं आणि लोण्यातले मासे

१० जून, लेम्मेन नदी
बर्फ गेला, पाणी मोकळं झालं. यंदा सोनं सापडणारच. खालच्या वळणावर साइमीचा तंबू आहे. तिची अट सगळ्या लॅपलँडला ठाऊक: या नदीत स्वतः धुतलेल्या सोन्याची अंगठी, तरच लग्न. बोटाचं माप मागितलं. म्हणाली, "काउको, आधी सोनं दाखव, मग बोट." म्हणजे होच म्हणाली.

१४ जून
पाचला उठायचा प्लॅन. नऊला उठलो. दोष डासांचा. सुटसुटीत सामान ही आपली खासियत. सोनं धुवायच्या परातीतच मासे लोण्यात तळतो. बाकीचे येडे दोन-दोन भांडी वाहतात.

२ जुलै
परातीत सोन्याचा कण दिसला! धुताना तरंगत निघून गेला. सोनं कधी तरंगतं का? चष्मा बदलायला हवा.
साइमी कॉफीला आली. परात बघून म्हणाली, चांगली जाळून काढ, ओशट झालीय. बाईला स्वच्छतेचं वेड. लग्नानंतर जड जाईल. मासे मात्र दोनदा मागून घेतले.

२० जुलै
सोनं नाही. पाणी फार आहे. साइमीने माझ्या जागेच्या थोडं खाली, वाहत्या पाण्यात घोंगडी अंथरलीय. घोंगडी वाळत घालतात, एवढंही कळत नाही बिचारीला. मी शिकवीन.

९ ऑगस्ट
सोनं नाही. पाणी फार कमी आहे. साइमी रोज विचारते, मासे तळलेस ना? आज स्वतःचं लोणी आणून दिलं. प्रेम, दुसरं काय. उद्यापासून पाचला उठणार.

१ सप्टेंबर
पहिला बर्फ पडला. सोनं साठवायची बाटली रिकामीच. रडू आलं. पूर्ण दिवस झोपून काढला.

२ सप्टेंबर
साइमीकडे जाऊन सांगून टाकलं, अंगठी काही होत नाही. ती हसतच सुटली. तिच्या बाटलीत तळाशी पिवळंधमक सोनं.
"ओशट परातीतून बारीक सोनं तरंगत जातं, शहाण्या. सांगितलं तर ऐकलं नाहीस. मग म्हटलं, वाया कशाला घालवायचं? घोंगडीत धरलं."
मग तिने दोरा काढला आणि माझ्याच बोटाचं माप घेतलं. सोनं धुतलं तिने, तेव्हा अंगठीही तीच मला घालणार म्हणे. मला इतका आनंद झाला की मी पाण्यात बसलो.
एकूण काय, उन्हाळाभर तिला सोनं घरपोच देत होतो. तिची अट पुरी केली.
पुढच्या वर्षापासून नदीत ती उतरणार. परात माझ्याकडेच राहील. मासे तळायला.