मारिनाल्वाचे तीन दिवस

१४ ऑक्टोबर, मंगळवार

मारिनाल्वाचा निरोप आला, साओ पाउलोहून. वर्षभरातला पहिला. तोही बोलून पाठवलेला, कारण आमच्या थोरल्या बहिणाबाईंना टाइप करायचा कंटाळा.

"नीसे, ऐक. एकतीस तारखेला येत्येय. शुक्रवार ते रविवार. मला आपलं सगळं दाखव. आपलं खाणं, आपला बाजार, आपले ढोल. आणि आईचं घर."

आईचं घर म्हणजे ती राहायची ते नव्हे, ते कधीच विकलं. आईचं घर म्हणजे ओरिशांचं, आमच्या देवांचं. तिथे आईची दीक्षा झाली, माझी झाली. आणि मारिनाल्वा चर्चवाली झाल्यापासून त्याला सैतानाचं घर म्हणत आलीय.

पुन्हा पुन्हा ऐकलं. आवाज तिचाच आहे.

१५ ऑक्टोबर

बिराला ऐकवलं. नवरा म्हणून सल्ला विचारावा, तर हा पाव बुडवून कॉफी पीत राहिला.

"तुला बाटवायला येत्येय," म्हणाला. "तीन दिवसांत तुझा उद्धार, रविवारच्या विमानाने परत."

"मग बाजार कशाला बघायचाय तिला?"

"शत्रूचा मुलूख आधी पाहून घ्यावा लागतो."

हसले मी. पण दुपारभर तेच डोक्यात. आई गेली तेव्हा त्या घरात आम्ही सगळे तिला शेवटचा निरोप देत होतो, आणि मारिनाल्वा फाटकाबाहेर फुटपाथवर उभी! बायबल छातीशी धरून. मी दोनदा बाहेर जाऊन विनवलं. "मी त्या दारातून येणार नाही," एवढंच बोलली. पोटची पोरगी.

म्हणून लिहून ठेवते, म्हणजे ऐन वेळी विरघळायला नको — या खेपेला तिने त्या दारात नाक मुरडलं तर मला बहीण नाही. संपलं.

१७ ऑक्टोबर

मी परदेशी लोकांना हेच शहर दाखवून पोट भरते. साल्वादोर, तीन दिवस, आफ्रिकेचं मूळ, खाणं, ढोल, देव — झोपेतही आखून देईन. बहिणीसाठी बसले तर एक ओळ धड उतरेना.

पहिला दिवस शुक्रवार. शुक्रवार आमच्या पांढऱ्या वस्त्रांच्या देवाचा, त्या दिवशी मी लाल पाम तेलाला शिवत नाही. आणि अकाराजे, आमचे चवळीचे वडे, त्या तेलात तळल्याशिवाय कसले! बरं, स्वागताला अकाराजे नाही तर काय, सँडविच देऊ? पेलोरिन्योच्या चर्चमधली ढोल वाजवून होणारी प्रार्थना मंगळवारी, तीही हुकली. बोनफींच्या टेकडीवरच्या जुन्या चर्चला न्यावं तर तिथे मूर्ती. हिच्या पंथात मूर्ती म्हणजे पाप, दिसली की हिचं तोंड वाकडं.

तिलाच विचारलं. उत्तर आलं, "शुक्रवारी अकाराजे कशाला? शनिवारी खाऊ. शुक्रवारी साधं पांढरं जेवण कर. आणि बोनफींला नक्की जायचं."

म्हणजे तिला शुक्रवार आठवतो. पंचवीस वर्षं नाव टाकलं, तरी आठवतो. मला काहीच समजेना.

१९ ऑक्टोबर, रविवार

आज फर्मान आलं. जसंच्या तसं लिहिते.

समुद्रावर नको. दुपारचं ऊन नको. बियर तिच्यासमोर नको. गर्दीत रेटारेटी नको. अकाराजे हवा, पण रस्त्यावर उभं राहून नको, घरी आणायचा. फोटो तर अजिबात नको.

साल्वादोरमधून समुद्र, ऊन, बियर, गर्दी आणि रस्ता वजा केल्यावर राहतं काय? बिरा म्हणतो, "कर." घरपट्टीबद्दल बोलत होता, पण लागू पडलं.

तिच्या चर्चच्या बायका अशाच. हे पाप, ते पाप. मग पापाच्या गावाला यायचं कशाला?

२१ ऑक्टोबर

विचारते — "नीसे, घरी चटई आहे ना? मी खुर्चीवर बसत नाही हल्ली."

पाठीचं काही असेल. आहे म्हटलं.

२२ ऑक्टोबर

आता मात्र कमाल झाली.

"ताट आणि कप माझे मी आणेन. तुमच्या भांड्यात मला वाढू नकोस."

एवढ्या एका वाक्याने माझं रक्त उकळलं. आमच्या भांड्यात! ज्या भांड्यात देवाला वाढतो त्यात जेवलं की बाटतो, हेच ना? आईने शेवटच्या वर्षी तिच्यासाठी माशाची मोकेका, नारळाच्या रसातलं कालवण, केली होती. धड उभं राहवत नव्हतं, तरी नारळ स्वतः किसला. मारिनाल्वाने ताट हलकेच पुढे सरकवलं आणि म्हणाली, पोट भरलंय. ते ताट मी घासलं.

सहन होईना. सरळ बोलून पाठवलं, "स्वतःचं ताट आणायचं असेल तर स्वतःचं हॉटेलही बघ. माझ्या घरात आईच्याच ताटात जेवतात."

तिच्याशी असं मी जन्मात बोलले नव्हते. ओरिशांच्या घरात माझ्या दीक्षेला बावीस वर्षं झालीत. तिथे पिकल्या केसांचे पुरुष मला ताई म्हणतात, वाकून आशीर्वाद मागतात, कारण त्यांची दीक्षा माझ्यानंतरची. पण मारिनाल्वासमोर मी अजून शेंबडी. ती नऊ वर्षांनी मोठी, हुकूम तिचा, माझी मान खाली. आज पहिल्यांदा मान वर केली.

२३ ऑक्टोबर

उत्तर नाही.

२४ ऑक्टोबर

उत्तर आलं. "तू म्हणशील तसं, नीसे."

मारिनाल्वा? तू म्हणशील तसं? हिची तब्येत बरी आहे ना?

२५ ऑक्टोबर

माय लाउरिंदांकडे गेले. आमच्या ओरिशांच्या घराच्या त्या आई — ऐंशीच्या पुढच्या, कान तिखट, जीभ त्याहून. त्या दारात बसून चवळीची सालं काढत होत्या. मीही सूप घेऊन बसले आणि सगळं ओकले. चटई, ऊन, ताट, हॉटेल, सगळं.

माय चवळी सोलत राहिल्या. ताटाचं सांगितलं तशा ज्या हसायला लागल्या, त्यांना ठसका लागला. मी पाठ चोळली.

"आणू दे तिला ताट," म्हणाल्या.

"माय, तुम्ही अपमान गिळायला सांगताय?"

"मी चवळी सोलायला सांगत्येय. बावीस वर्षं झाली तुला, आणि डोक्यात अजून भुसाच."

"पण ती फाटकाबाहेर उभी राहिली तर?"

"नाही राहणार."

"तुम्हाला काय माहीत?"

"साओ पाउलोला फोन लागत नाही असं वाटतं काय तुला? बाकी तिचं तोंड तिला आहे. ती बोलेल."

पुन्हा सुपाकडे वळल्या. वर निघताना सांगितलं, शनिवारी तिला घेऊन लवकर ये, पुढे बसव.

म्हणजे या दोघींचं बोलणं झालंय? सैतानाच्या घरात हिचा फोन? घरी येईपर्यंत डोकं भणभणलं. बिरा म्हणतो, मायलाच बाटवलं असणार तिने. त्याला रात्रीचं जेवण उशिरा दिलं.

२७ ऑक्टोबर

रागाचा भर ओसरला. खरं लिहायचं तर मला ती यायला हवी आहे. घरात काही गोड झालं की अजून मनात येतं, मारिनाल्वाला आवडलं असतं. लहानपणी माझ्या वेण्या तीच घालायची, करकचून, रडले तर टपली मारायची. तिच्याइतकी घट्ट वेणी नंतर कोणी घातलीच नाही. माझं माणूस असं ते एकच उरलंय. ते या शनिवारी हातचं जाईल, याचीच भीती वाटते.

निरोप पाठवला — घरीच उतर. ताट आण.

२९ ऑक्टोबर

साओ जोआकींच्या बाजारात गेले. सुकी कोळंबी, चवळी, लाल तेलाची बाटली, भेंडी, आलं. शुक्रवारसाठी पांढरा मका. कोळंबीवाली म्हणाली, "लग्न आहे का घरी?" म्हटलं, बहीण येत्येय. "मग जास्त घे. बहिणी रुसल्या की खातात."

शेवटचा बेत असा. शुक्रवारी बोनफीं, मग घरी पांढरं जेवण. शनिवारी सकाळी बाजार, ऊन चढायच्या आत घरी, चटईवर अकाराजे, संध्याकाळी आईचं घर. रविवारी काय, ते शनिवारवर.

बिराने बियर शेजारी नेऊन ठेवली. न सांगता.

३० ऑक्टोबर

चटई धुतली. वाळली नाही. विमान उद्या सकाळी. फाटकाशी तिला काय म्हणायचं, ते अजून ठरत नाही.

३१ ऑक्टोबर, शुक्रवार

विमानतळावर निम्मं गाव पांढऱ्या कपड्यांत, शुक्रवार ना. मी पण. म्हणून ती समोरून चालत आली तरी माझी नजर तिच्यावरून पुढे गेली. मग पुन्हा मागे आली — पायघोळ पांढरा झगा, डोक्याला घट्ट पांढरं फडकं, गळ्यात नव्या दीक्षेच्या माळा. चटई, वेगळं ताट, ऊन नको, फोटो नको: सगळे नव्या दीक्षेचे नेम, बावीस वर्षांपूर्वी मीही पाळलेले.

मी तोंड उघडायच्या आत तिने चपला काढल्या आणि गुडघ्यांवर बसली. तिथेच, लोकांच्या बॅगांच्या मधे. माझा हात धरून ओठांना लावला. मान वर केली नाही.

"आशीर्वाद दे, ताई," मारिनाल्वा म्हणाली.