टेबलाशी बसलेली आई

१४ मार्च

प्रिय बारके,

अनेक आशीर्वाद. इकडे सगळं ठीक. आईचा गुडघा आता बरा आहे. माझ्या कामावरच्या लाँड्रीत नवं इस्त्रीचं मशीन आलंय, त्यामुळे हॉटेलच्या चादरी चारपर्यंत आटोपतात.

आपल्या घरच्या जेवणांच्या चित्रकथांचा तू काढलेला मंगा मिळाला. लाँड्रीतल्या बायकांनी फाटेस्तोवर वाचला. एक म्हणाली, "घरी कुणी बोलायला नसलं की मी यातलं एक जेवण वाचते, मग बरं वाटतं." चित्रं काढावीत तर तूच गं! भाताची वाफ, ताटात फुटलेलं अंडं, टेबलाशी हसत वाढणारी आई. मीही आहे त्यात. रोज जेवायला उशिरा येणारी, तोंड फुगवलेली ताई.

आईला वाचकांची पत्रं येतात. 'तुमच्यासारखी आई हवी होती.' परवा शेजारच्या काकू म्हणाल्या, "मुलींना काय काय करून घालायचात हो!" आई म्हणाली, "आईला करावंच लागतं." मी तिथेच बटाटे सोलत होते. तिने माझ्याकडे पाहिलंसुद्धा नाही.

लिहायचं नव्हतं, पण लिहितेच.

बाबा गेल्यावर आई दोन वर्षं भिंतीकडे तोंड करून पडून होती. तू सहा वर्षांची, मी तेरा. मी केलेला घास तू थुंकून टाकायचीस. "आईने केलेलंच हवं." म्हणून मी स्वयंपाकघराचं दार लोटून रांधायचे आणि बाहेर येऊन सांगायचे, "आईने केलंय. दमून झोपली ती." मग तू ताट चाटूनपुसून खायचीस. मी भांडी घासून यायचे, म्हणून उशीर व्हायचा. आई टेबलाशी एकदाही नव्हती, बारके. तिला तिथे तू बसवलंस.

खोटं मीच बोलले, तेव्हा तुला कुठल्या तोंडाने बोल लावू? पण आईला तर सगळं ठाऊक होतं ना? 'थोरलीने केलं' एवढे दोन शब्द तिला जड झाले?

मंगळवारी तुझं पत्र आलं, की पुढच्या पुस्तकासाठी आईचं ते बटाट्याचं सूप हवंय. आईने ते मला वाचून दाखवलं. मला वाटलं, आता तरी बोलेल. तर म्हणाली, "काय घालायचीस गं त्यात? लिहून दे, मी माझ्या अक्षरात उतरवते."

मी हात धुतले आणि तडक जाऊन बसचं तिकीट काढून आले.

आई रविवारी अकराच्या बसने तुझ्याकडे येतेय. एकच तिकीट आहे, जायचं. परतीचं तुम्ही दोघी बघा. तिच्या गोळ्या बॅगेच्या बाहेरच्या कप्प्यात आहेत. घ्यायला वेळेवर जा. आणि भूक लागली की तिला सांग. पोटभर जेव तिच्या हातचं.

मी इथे एकटीपुरतं करीन, आणि गरम असतानाच खाईन.

तुझीच,
थोरली