रडण्याची शिकवणी

रविवार, संध्याकाळ. खामगाव

आज सोनाळ्याची एक बाई आठ वर्षांच्या मुलीला घेऊन आली. परवा सिनेमासाठी मुलं निवडणार आहेत. म्हणाली, "ताई, माह्या पोरीले रडणं शिकवा." पोरीला काही केल्या रडू येईना. मी तिला जवळ घेतलं आणि सांगितलं, "तुझे बाबा गाडीवरून पडले. गेले." पोर हमसून हमसून रडली.

मी सात वर्षांची असताना दिग्दर्शकाने मला हेच सांगितलं होतं. माझे बाबा कॅमेऱ्यामागेच उभे होते. शॉट संपल्यावर टाळ्या वाजवत पुढे आले. त्या रडण्यावर मला सहा सिनेमे मिळाले. उंची वाढली आणि कामं थांबली. त्या टाळ्या आठवत असताना मी आज हे का केलं? दुसरं काही येतं का मला?

"बाबा घरीच आहेत गं," असं सांगणार, तोच तिची आई म्हणाली, "ताई, मोबाईलचं शूटिंग चालूच नव्हतं. अजून एकडाव रडवा न तिले."

नाही म्हणायला हवं होतं. मी पोरीकडे वळले. या वेळी मला काही बोलावंच लागलं नाही. माझं तोंड पाहताच ती पुन्हा रडायला लागली.

"छान," मी म्हणाले.